गाढवाची जास्तीची चार चित्रं

कुर्ल्याला मामाची जी खोली होती तिच्या तीन भिंती सोडावॉटरच्या कारखान्याच्या होत्या, चौथी तेवढी आमची. त्यामुळे सकाळी जाग यायची ती बाटल्यांच्या क्रेटनी. हमाल क्रेट फरशीवर आपटायचे, की आमच्या फळीवरचे पितळी डबे एकमेकांना लागून वाजायचे आणि मामी झोपेतच म्हणायची, "आला गं बाई दिवस." मी सातवीला दोनदा बसलो, दोनदा आपटलो. मग आईने माणगावहून मला मामाकडे पाठवून दिलं. मामा त्याच कारखान्यात बाटल्या भरायचा, मला धुवायला लावलं. गोळीच्या बाटल्या. आत ब्रश पुरता जात नाही, वाळू आणि पाणी घालून हलवायची, मग उजेडाला धरून एक डोळा मिटून बघायची. डाग दिसला की परत. दुपारी मामी तांदळाची भाकरी आणि कुळथाचं पिठलं द्यायची, वर सुक्या बोंबलाची चटणी. पिठल्याला मिरची इतकी असायची की खाऊन झाल्यावर मामा एक सोडा फोडायचा, गोळी फट् करून आत जायची आणि आम्ही दोघं अर्धा अर्धा प्यायचो. त्या वासाचं पिठलं मला नंतर कुठे मिळालं नाही. इथे ऑस्ट्रेलियात, टार्निटला मुलाकडे, कुळीथ मिळतात, पाकिटात, सुनेने करूनही घातलं. चांगलं झालं होतं. पण ते नव्हे.

बाटल्या धुण्यावरून मला कार्टूनच्या धंद्यात घेतलं, हे सांगितलं की लोकांना थट्टा वाटते. झालं असं, की कारखानीस नावाचे एक साहेब पोटाच्या तक्रारीसाठी कारखान्याच्या दारात उभे राहून सोडा पीत. त्यांनी मला बाटली उजेडाला धरताना बघितलं. आठवडाभर बघत होते म्हणे. एक दिवस मामाला म्हणाले, "हा पोरगा मला द्या. अशी नजर आमच्यात एकाकडेही नाही." त्यांचा स्टुडिओ दादरला होता, एका छापखान्याच्या वर, दोन मोठ्या खोल्या आणि एक अंधारी, कॅमेऱ्याची. सिनेमाच्या आधी थेटरात दाखवायच्या छोट्या फिल्म ते करायचे. पाणी उकळून प्या, विहिरीत कचरा टाकू नका, अशा. त्या वेळी प्रत्येक चित्र कागदावर काढून मग पारदर्शक प्लॅस्टिकच्या तावावर गिरवायचं. त्याला सेल म्हणायचे. पुढून शाईची रेघ, मागून रंग. सेल बाहेरून यायचे आणि मिळायचे नाहीत, म्हणून फोटो काढून झाला की तोच सेल कोमट पाण्यात बुडवून रंग सोडवायचा, पुसायचा, दोरीवर चिमट्याने वाळत घालायचा आणि पुढच्या चित्राला वापरायचा. ओरखडा पडला तर गेला. ते धुण्याचं काम माझं. दोन वर्षं मी ते केलं आणि एकाही सेलला ओरखडा येऊ दिला नाही. ज्याला शंका असेल त्याने विचारावं, पण आता विचारायला उरलंय कोण.

एक उरलंय. त्याचंच सांगायचंय.

वसंत तांडेल माझ्यापेक्षा तीन वर्षांनी मोठा, वरळी कोळीवाड्याचा, आवाज असा की खिडकीतून हाक मारली तर खालचा छापखाना थांबावा. तो चेकर होता. म्हणजे कॅमेऱ्याकडे जाण्याआधी प्रत्येक सेल शीटशी ताडून बघायचा. शीट म्हणजे एक लांबडा कागद, कुठलं चित्र किती वेळ पडद्यावर राहणार हे त्यावर साहेब आकड्यांत लिहायचे. सगळं बरोबर असेल तर वसंता खाली सही करायचा आणि त्याच्या सहीशिवाय कॅमेरामन अय्यर दिवा लावत नसे. साहेबांचा एकच कडक नियम होता: शीटवर आकडा बदललेला दिसला, तर आधी मला विचारायचं, मग सही. वसंता मला गिरवायला शिकवायचा. मी धुण्यातून वर यावं म्हणून साहेबांकडे बोललाही तोच. "मध्या, हात कोपरापासून हलव, मनगटापासून नको. भाकरी थापतोयस काय?" असं म्हणून माझ्या कोपरावर फुटपट्टी मारायचा. त्याच्या डब्यात ओल्या मांदेल्या असायच्या आणि माझ्या डब्यात मामीचं पिठलं, आम्ही अदलाबदल करायचो. वर्षभरात माझी रेघ त्याच्यापेक्षा बरी झाली. तसं त्यानेच सगळ्यांसमोर सांगितलं. मला ते ऐकून आनंद झाला, पण आश्चर्य वाटलं नाही. मी असाच होतो.

नात ईरा इथल्या युनीत, म्हणजे युनिव्हर्सिटीत, हेच शिकते. लॉकडाऊनमध्ये सगळं बंद असल्यामुळे तिचा वर्ग जेवणाच्या टेबलावर भरतो. ती दोन चित्रं काढते आणि मधली चित्रं कॉम्प्युटर आपोआप भरतो, एकसारखी, साबण लावल्यासारखी गुळगुळीत. मी मागे उभा राहून म्हटलं, "हे सगळं काढून टाक, दोनच ठेव." ती म्हणाली, "But it's smoother, आजोबा." मी म्हटलं, तेच तर. ती हेडफोन लावून परत कामाला लागली. मी गराजमध्ये येऊन हे लिहायला बसलो.

तर गाढव. साहेबांनी फिल्म काढली होती विहिरीवरची. तीत एक गाढव विहिरीच्या वाटेवर बसलंय ते बसलंय. बाई ओढते, पोरं ढकलतात, सरपंच भाषण देतो, गाढव डोळासुद्धा हलवत नाही. साहेबांनी ते इतका वेळ बसवून ठेवलं होतं की बघणाऱ्यालाच चुळबुळ व्हावी. आणि मग एकदम, काहीही न होता, गाढव चारी पाय हवेत, घडा उडालेला. एकेचाळीस नंबरच्या चित्रात बसलेलं, बेचाळीसच्या चित्रात हवेत. मध्ये काही नाही.

मला तेव्हा नुकतं मधली चित्रं काढायला बसवलं होतं. दोन मुख्य चित्रं साहेब काढायचे आणि त्यांच्या मधली आम्ही. मी ते दोन कागद खालून दिवा असलेल्या काचेवर एकावर एक ठेवले आणि मला वाटलं, साहेब विसरले. पोटदुखीचा माणूस, वेळेची घाई, राहून गेलं असणार. विचारायला पाहिजे होतं. पण विचारलं असतं तर ते काम दुसऱ्या कुणाला दिलं असतं. मला दाखवायचं होतं की न सांगताही मला कळतं. शनिवारी अर्धा दिवस असायचा. सगळे गेले, मी थांबलो. चार चित्रं काढली. गाढव आधी पुढचा गुडघा उचलतं, मग मान ताणतं, मग कंबर, मग उडी. मी मामीच्या दारासमोरच्या परटाचं गाढव उठताना शंभरदा बघितलं होतं, ते अस्संच उठायचं. आजही सांगतो, चित्रं उत्तम होती. गिरवली, रंगवली, वाळवली आणि शीटवर मध्ये क ख ग घ घालून आकडे पुढे सरकवले.

सोमवारी वसंताने शीट हातात घेतली. "हे साहेबांनी वाढवले काय रे?"

मी सेल पुसत होतो. "हं," म्हटलं.

एवढंच. त्याने सही केली.

चार दिवसांनी फिल्म धुऊन आली. अंधाऱ्या खोलीत आम्ही आठ-नऊ जण, भिंतीवर चादर. गाढव बसलं, बसलं, बसलं, सगळे अंधारात दबून हसत होते, आणि मग ते उठलं. गुडघा, मान, कंबर, उडी. चार चित्रं म्हणजे पडद्यावर सेकंदाचा तिसरा हिस्सा. तेवढ्यात खोलीतलं हसू असं गेलं, की कुणी दार उघडून बाहेर घालवावं. साहेबांनी दिवा लावला. "हे गाढव आहे की सासुरवाडीला आलेला जावई? उठू का, उठू का म्हणतंय." कुणी हसलं नाही. नेमक्या त्या जागी फिल्म कापून जोडली असती तर सांध्याचा धक्का पडद्यावर दिसला असता, आणि सेल तर केव्हाच धुऊन दुसऱ्या चित्रांना लागले होते. म्हणजे तो सगळा भाग पुन्हा गिरवायचा, पुन्हा रंगवायचा, आणि फिल्म द्यायला आठ दिवस उरलेले. साहेबांनी शीट मागवली. क ख ग घ वर बोट ठेवलं. "ही चित्रं कुणी घातली?"

लोकांना वाटेल मी घाबरून गप्प बसलो. तसं नव्हतं. घाबरलो असतो तर बोललोही असतो, मी घाबरलो की बोलतो. मला राग आला होता. इतकी चांगली चित्रं, आणि त्यांना जावई म्हणतात. चूक कुणाची असं विचारत होते आणि माझ्या मते ती चूकच नव्हती, मग मी कशाला हात वर करू? वसंताने माझ्याकडे एकदा बघितलं. मग म्हणाला, "साहेब, सही माझी आहे. विचारायचं राहिलं."

"चित्रं कुणाची, ते विचारतोय मी."

"सही माझी आहे," तो परत म्हणाला.

साहेबांनी त्याला त्याच दिवशी काढला. डबा उचलून तो जिना उतरला. माझ्याशी बोलला नाही आणि रागावलेलाही दिसला नाही. मी खिडकीतून बघितलं, तो फुटपाथवर थोडा वेळ उभा होता, कुठल्या बाजूला जायचं ते ठरवत असल्यासारखा.

आठ दिवस आम्ही सगळे राबलो. तो भाग नवा करून परत भिंतीवर बघितला. एकेचाळीस, आणि थेट बेचाळीस. खोलीत हशा फुटला. छापखान्यातली माणसं वर बघायला आली काय झालं म्हणून. त्या क्षणी मला कळलं की साहेब विसरले नव्हते, ती जागा त्यांनी ठेवली होती. सगळी फिल्म त्या रिकाम्या जागेसाठी होती. पुढे चाळीस वर्षं मी जे काही केलं, जाहिराती केल्या, मुलांच्या फिल्म केल्या, स्वतःचा स्टुडिओ काढला, डायरेक्टर म्हणून मान मिळवला, ते सगळं त्या एका गोष्टीवर. मी स्वतः कितीतरी पोरांची मधली चित्रं फाडली आणि सांगितलं, जागा सोडायला शीक. त्यांना वाटायचं मला जन्मतःच येतं. मी वाटू दिलं. वसंताकडे तेव्हा जाता आलं असतं, वरळी काही लांब नव्हती. पण त्याचं खिडकीजवळचं टेबल मला मिळालं होतं. तिथे उजेड चांगला होता.

मी इथे मुलाकडे तीन महिन्यांसाठी आलो आणि विमानं बंद झाली. आता घरापासून पाच किलोमीटर, दिवसाला एक तास, तोंडाला मास्क. सगळी घरं एकाच वेळी बांधलेली, लेटरबॉक्सही एकसारखे; पहिल्या आठवड्यात मी दुसऱ्याच्या दारात किल्ली घालत होतो, आतून सरदारजी ओरडला, "अंकलजी, अगला वाला!" मुलगा नीलेश एका खोलीत मीटिंगमध्ये, सून केतकी दुसरीत, ईरा टेबलावर, आणि मी गराजमध्ये. केतकीने मला शनिवारच्या ज्येष्ठांच्या कट्ट्याला जोडून दिलं. ऑस्ट्रेलियाभरची मराठी म्हातारी माणसं व्हिडिओवर जमतात, कोणी भजन म्हणतं, कोणी बीपी सांगतं. माझी ओळख करून देताना बाई म्हणाल्या, "ज्येष्ठ कार्टून दिग्दर्शक!" मी नमस्कार केला. मग एकेकाने आपली ओळख द्यायची होती. एका चौकोनात एक टक्कल आणि पांढऱ्या मिशा, आणि त्यातून तो आवाज आला. "मी वसंत तांडेल. सिडनी, क्वेकर्स हिलला मुलीकडे असतो. जहाजावर रंगारी होतो. त्याआधी थोडे दिवस ह्या मधुकररावांच्याच लायनीत होतो. तिथून काढला मला." आणि हसला. सगळे हसले. मी बटण दाबून माझं चित्र बंद केलं.

नऊ दिवस मी तो एक तास चालत एकच हिशेब केला, की आता बोलून कुणाचं काय भलं होणार. माणूस सुखात दिसतोय, हसतोय. शिवाय राज्यांच्या सीमा बंद, समोर जाता येत नाही, आणि असं फोनवर कसं बोलायचं. कारणं काढायला मी कधी कमी पडलो नाही. दहाव्या दिवशी ईराला म्हटलं, त्या सिडनीच्या आजोबांना लाव. तिने टॅब सॉसच्या बाटलीला टेकवून उभा केला आणि आपलं काम करत तिथेच बसली.

"वसंता."

"मध्या! बोल रे. बटण दाबून पळालास परवा. अजून तसाच."

मी लांबण लावली नाही. म्हटलं, "ती चार चित्रं मी घातली होती. साहेबांनी नव्हती वाढवली. मी खोटं बोललो."

"ठाऊक आहे," तो म्हणाला. "कानाची टोकं तुझीच होती. दुसऱ्या कुणाला जमली असती?"

"मग सांगितलं का नाहीस?"

"मी माझं सांगितलं ना. न विचारता सही केली ती माझी चूक. तुझी मी कशाला सांगू? तुझं तोंड काय शिवलं होतं?" तो हे भांडणाच्या सुरात म्हणाला नाही. बाजारभाव सांगावा तसं. मग मान वळवून त्याच आवाजात ओरडला, "वैशाली! इकडे ये गं जरा!"

त्याची मुलगी आली. पन्नाशीची असेल, एज्ड केअरच्या, म्हणजे वृद्धाश्रमाच्या निळ्या गणवेशात, हातात पर्स. "बाबा, शिफ्टला जायचंय मला. काय हरवलंत आता?"

"काही नाही. हा मध्या. ह्याला तुला काहीतरी सांगायचंय. सांग रे."

मला हे नको होतं. वसंताला सांगणं वेगळं, ही परकी बाई. नीलेश चहा घ्यायला बाहेर आला होता, तो कप हातात धरून उभा राहिला. ईराने हेडफोन काढले. मी वसंताकडे बघितलं. तो काही मदत करणार नव्हता. तर मी सांगितलं. शनिवारचा अर्धा दिवस, चार चित्रं, क ख ग घ, "हं" म्हटलं ते, आणि साहेबांनी विचारल्यावर गप्प बसलो ते. सगळं. माझ्या मुलाने माझ्याबद्दल असं काही पहिल्यांदाच ऐकलं.

वैशाली पर्स खाली ठेवून बसली होती. "म्हणजे बाबांनी चित्रं हरवली नव्हती?"

"हरवली?"

"आम्हाला असंच सांगितलंय. मी चित्रं हरवली म्हणून मला काढलं." ती वडिलांकडे वळली. "आम्ही आयुष्यभर चिडवतोय तुम्हाला. मोजा हरवला, बाबा. पासबुक हरवलं, बाबा. माझी मुलंसुद्धा म्हणतात, ask Aaba, he lost it."

"मग काय सांगणार होतो?" वसंता म्हणाला. "ह्याचं नाव तोवर पेपरात यायला लागलं होतं. तुम्ही म्हटलं असतं, म्हातारा जळतो."

मी माफ करा म्हटलं त्यावर तिने मान हलवली, ती हो होती की नाही ते मला कळलं नाही. घड्याळ बघून उठली. जाताना तिने बापाच्या टकलावर हात ठेवला, थोडा जास्त वेळ, आणि गेली. दार लागल्याचा आवाज आला.

नीलेश खोलीत परत गेला. वसंता चौकोनात तसाच बसून होता. मला वाटलं आता ठेवेल.

"मध्या," तो म्हणाला, "एक सांग. नंतर तो भाग परत केला असेल ना तुम्ही? मी गेल्यावर?"

"केला."

"हसले काय रे शेवटी?"

"हसले."

"कोण कोण?"

मी सांगितलं. अय्यर हसला, तोंडातलं पान चादरीवर उडालं. रंग भरणाऱ्या दोघी एकमेकींना धरून हसल्या. छापखान्याची माणसं वर आली. साहेब हसले नाहीत, ते वळून आमचीच तोंडं बघत होते, आणि मग त्यांनी पोटावरचा हात काढला. वसंता एकेक नाव ऐकून मान डोलावत होता. रंगवाल्या पाटणकर बाईंचं हसणं कसं होतं ते त्याला आठवलं, त्याने ते करून दाखवलं, तसंच्या तसं.

"आणि तू?" त्याने विचारलं.

"मी नाही हसलो."

"बरं," तो म्हणाला, आणि फोन ठेवला.